ओलेग स्त्रिझेनोव्ह: पडद्यावर चौलला उतरलेला रशियन नट

रिळवाला

ओलेग स्त्रिझेनोव्ह ९ फेब्रुवारी २०२५ रोजी मॉस्कोत वारला. वय ९५. मराठीत त्याच्यावर कोणी काही लिहील म्हणून बरीच वाट पाहिली, माझ्या नजरेला काही पडलं नाही, म्हणून हा धागा काढतोय. नर्गिस, बलराज साहनी, पृथ्वीराज कपूर यांच्या बरोबरीने 'परदेसी' या भारत-सोव्हिएत चित्रपटात मध्यवर्ती भूमिका केलेला हा नट. ज्या रशियन व्यापाऱ्याने पंधराव्या शतकात चौल ते जुन्नर वाट तुडवली, त्या अफानासी निकितिनला त्याने चेहरा दिला. आपल्याकडे त्याची आठवण निघायलाच हवी.

जन्म १० ऑगस्ट १९२९, आमूर नदीकाठचं ब्लागोव्हेश्चेन्स्क. नदीच्या पलीकडे चीन. १९५३ मध्ये मॉस्कोच्या श्चुकिन नाट्यविद्यालयातून शिकून बाहेर पडला, ताल्लिन आणि लेनिनग्राडला रंगभूमीवर थोडं काम केलं आणि १९५५ मध्ये 'ओव्होद' ('द गॅडफ्लाय') हा चित्रपट आला. एथेल लिलियन व्हॉयनिचची ही कादंबरी इंग्रजीत लिहिलेली, पण सोव्हिएत तरुणांनी तिची पारायणं केली होती. कोवळा, श्रद्धाळू आर्थर आणि तेरा वर्षांनी परतलेला, लंगडणारा, जखमेचा व्रण घेऊन फिरणारा क्रांतिकारक, अशी दोन्ही टोकं त्याला एकाच चित्रपटात करायची होती. पडद्यावर तो जवळजवळ नवखा होता आणि समोर निकोलाय सिमोनोव्हसारखा मुरलेला नट. त्या एका चित्रपटाने तो घराघरांत पोचला.

पण माझ्या लेखी स्त्रिझेनोव्ह म्हणजे पुढच्याच वर्षीचा 'एक्केचाळिसावा'. ग्रिगोरी चुखराय युद्धात लढून आलेला माणूस, दिग्दर्शक म्हणून हे त्याचं पहिलं चित्र. रशियातल्या यादवीची गोष्ट. बोल्शेविकांच्या लाल सेनेतली मर्यूत्का ही अचूक नेमबाज पोर. तिने चाळीस शत्रू टिपलेत. एक्केचाळिसावा, बोल्शेविकांविरुद्ध लढणाऱ्या श्वेत सेनेचा लेफ्टनंट गोवोरुखा-ओत्रोक, तिच्या गोळीतून वाचतो आणि कैदी होतो. काराकुमच्या वाळूत ती त्याला दोरीने बांधून चालवते. पुढे अराल समुद्रात वादळ होतं आणि दोघंच एका निर्जन बेटावर अडकतात.

बेटावरचा भाग एकदा केवळ त्याच्यासाठी पाहा. तो तापाने फणफणतो, ती त्याची शुश्रूषा करते. बरा झाल्यावर तो तिला रॉबिन्सन क्रूसोची गोष्ट सांगतो आणि ती लहान मुलीसारखी ऐकत राहते. गोष्ट सांगताना त्याचा आवाज चढत नाही, हातवारे नाहीत. सुशिक्षित घरात वाढलेला माणूस जसा सहज बोलेल तसा बोलतो, आणि त्या सहजपणामुळेच दोघांतली दरी दिसत राहते. मग भांडण होतं. त्याला या सगळ्यातून सुटून पुस्तकांकडे परतायचंय, तिला ही पळवाट वाटते. शेवटी क्षितिजावर होडी दिसते. होडी त्याच्या बाजूची आहे. तो आनंदाने पाण्यात धावतो आणि तिला कमांडरचा हुकूम आठवतो: कैदी जिवंत शत्रूच्या हाती लागता कामा नये.

श्वेत अधिकारी म्हणजे क्रूर, लंपट किंवा मूर्ख, असाच रिवाज वर्षानुवर्षं चालत आलेला. १९५६ मध्ये हवा जराशी सैल झाली होती, तरी अशा माणसाच्या मरणाचं प्रेक्षकाला दुःख व्हावं हे धाडसच होतं. ते दुःख निम्मं उरुसेव्हस्कीच्या कॅमेऱ्याने निर्माण केलं आणि निम्मं स्त्रिझेनोव्हच्या चेहऱ्याने. १९५७ च्या कान महोत्सवात चित्रपटाला विशेष पारितोषिक मिळालं.

त्याच्या सगळ्या मोठ्या भूमिका एका ओळीत मांडून पाहिल्या की मला एकच माणूस दिसतो: जिथे उभा आहे तिथला नसलेला. आर्थर चर्चचाही राहत नाही आणि घरचाही. लेफ्टनंट शत्रूच्या ताब्यात. निकितिन तीन समुद्र ओलांडून परमुलखात. 'कॅप्टनची मुलगी'मधला ग्रिन्योव्ह सरकारी अधिकारी, पण त्याचा जीव वाचवणारा बंडखोर पुगाचोव्ह. दस्तयेव्हस्कीच्या 'शुभ्र रात्री'तला स्वप्नाळू तर आख्ख्या पीटर्सबर्गमध्ये एकटा. ही परकेपणाची छटा त्याला आतून कळलेली होती, असं मला ठामपणे वाटतं.

जाणकारांनी भर घालावी. विशेषतः 'परदेसी'विषयी.

अष्टागरकर

रिळवाला, धागा काढल्याबद्दल आभार. मी चौल-रेवदंड्याकडचा, त्यामुळे निकितिनविषयी लिहिल्याशिवाय राहवत नाही. रेवदंड्याला त्याचं स्मारक आहे. अलिबागहून मुरुडकडे जाणाऱ्यांनी जरूर थांबून पाहावं.

मूळचा हा त्वेरचा व्यापारी. व्होल्गेने खाली जाताना आस्त्राखानजवळ लुटला गेला. रिकाम्या हाताने घरी परतण्यात अर्थ नव्हता, म्हणून बाकू, इराण करत होर्मुझला पोचला आणि तिथून घोडा घेऊन जहाजाने चौलला उतरला. आपल्याकडे चांगले घोडे निपजत नसत, बहामनी राज्याला ते समुद्रमार्गेच आणावे लागत, त्यामुळे एका घोड्यावरही बरा पैसा सुटेल हा त्याचा हिशेब. वास्को द गामा कालिकतला यायच्या पाव शतकाहून अधिक आधीची ही गोष्ट.

चौलहून पालीला ८ दिवस, पालीहून उमरीला १०, उमरीहून जुन्नरला सहा-सात, असा प्रवास त्याने नोंदवलाय. जुन्नरला पोचला आणि पावसाळा लागला. चार महिने रात्रंदिवस पाणी आणि चिखल, असं त्याने लिहून ठेवलंय. घोड्यांना हरभरे देतात, खिचडी शिजवून घालतात, हेही टिपलंय. कोकण-देशावरचं पंधराव्या शतकातलं इतकं साधं, बाजारात फिरणाऱ्या माणसाचं वर्णन फार थोड्या ठिकाणी मिळतं. दरबारी बखरकार घोड्याच्या खुराकाकडे कशाला बघेल!

परतीचं जहाज त्याने दाभोळहून धरलं. घरी मात्र पोचला नाही, स्मोलेन्स्क गाठण्याआधीच वारला. मागे राहिली ती टिपणं.

शिवनेरीच्या पायथ्याशी

अष्टागरकर, जुन्नरचा मुख्य प्रसंग राहिला. तिथला सुभेदार असदखान याने निकितिनचा घोडा काढून घेतला. हा मुसलमान नाही, रशियन आहे हे कळल्यावर म्हणाला, आमचा धर्म घे, घोडा परत देतो आणि वर हजार सोन्याची नाणी. नाहीतर घोडाही जाईल आणि हजार नाणी दंडही भरशील. मुदत चार दिवसांची. त्याच दिवसांत खुरासानचा एक ख्वाजा महंमद तिथे आला, निकितिनने त्याचे पाय धरले, त्याने रदबदली केली आणि घोडा सुटला.

शहर खडकावर वसलेलं आहे, वर जायची वाट इतकी अरुंद की एका वेळी एकच माणूस जाऊ शकतो, असंही त्याने लिहिलंय. आम्हा इकडच्यांना ते वाचताना शिवनेरीच डोळ्यांपुढे येतो.

रिळवाला, परक्या मुलखात धर्म विचारला जातोय, खिशात काही नाही, आणि घोडा हेच सगळं भांडवल. या प्रसंगासाठी तुम्ही म्हणता तो नट अगदी योग्य होता.

रिळवाला

दोघांचेही मनापासून आभार, हेच हवं होतं.

'परदेसी'ची थोडी माहिती. ख्वाजा अहमद अब्बास आणि मॉसफिल्म या सोव्हिएत चित्रसंस्थेचे वासिली प्रोनिन असे दोन दिग्दर्शक, अब्बासांची 'नया संसार' आणि मॉसफिल्म यांची भागीदारी. हिंदी आणि रशियन अशा दोन आवृत्त्या. सोव्हिएत आवृत्ती रंगीत, रुंद पडद्याची. मी पाहिलेली हिंदी प्रत कृष्णधवल होती आणि तीही झिजलेली. नर्गिस चंपा, बलराज साहनी सखाराम, पृथ्वीराज कपूर बहामनी वजीर महमूद गवान, पद्मिनी राजनर्तकी. कलादिग्दर्शन आपल्या एम. आर. आचरेकरांचं. चंपा अर्थातच पटकथेची. निकितिनच्या टिपणांत अशी कोणी नाही.

१९५४ पासून 'आवारा'ने सोव्हिएत देशात धुमाकूळ घातला होता, नर्गिस तिथे लाडकी झाली होती. १९५५ मध्ये ख्रुश्चेव्ह आणि बुल्गानिन भारतात येऊन गेले. त्या भाऊबंदकीच्या नव्हे, बंधुभावाच्या दिवसांतलं हे चित्र आहे आणि काही प्रसंग त्या मैत्रीच्या ओझ्याखाली दबलेत, हे खरं. संवाद जागोजागी भाषणाच्या अंगाने जातात. स्त्रिझेनोव्ह मात्र भाषण करत नाही. नर्गिससमोर तो बराच वेळ फक्त ऐकतो, आणि त्या ऐकण्यात घरच्या ओढीने कासावीस झालेला माणूस दिसतो. १९५८ च्या कानमध्ये 'परदेसी' स्पर्धेत होता. त्या वर्षीचं सर्वोच्च पारितोषिक गेलं 'द क्रेन्स आर फ्लाइंग'ला, ज्याचा कॅमेरा 'एक्केचाळिसावा'वाल्या उरुसेव्हस्कीचाच.

षड्ज

संगीताबद्दल कोणीच बोललं नाही! 'परदेसी'ला भारतीय बाजूने अनिल विश्वास, रशियन बाजूने बोरिस चायकोव्हस्की. हा बोरिस 'स्वान लेक'वाल्या चायकोव्हस्कीचा कोणी नव्हे, विसाव्या शतकातला मोठा संगीतकार. आणि मीना कपूरचं 'रसिया रे मन बसिया रे'! अनिलदांनी तिच्या आवाजातला हळवेपणा इथे जसा वापरलाय तसा फार थोड्या ठिकाणी वापरला गेला. चित्रपट विस्मरणात गेला, गाणं टिकलं.

स्त्रिझेनोव्हच्या बाबतीत हे पुन्हा पुन्हा झालंय. 'ओव्होद'ला शोस्ताकोविचचं संगीत. त्यातल्या तुकड्यांवरून लेव्होन अतोव्हम्यानने बारा भागांची वाद्यवृंद-रचना (सूट) बांधली. त्यातला व्हायोलिनचा 'रोमान्स' जगभर वाजतो. १९८३ मध्ये एका ब्रिटिश हेरमालिकेच्या शीर्षकालाही वापरला गेला. ऐकणाऱ्या बहुतेकांना हे संगीत कोणत्या चेहऱ्यासाठी लिहिलं होतं ते ठाऊक नसतं.

आणि १९६० चा 'इस्पिकची राणी', चायकोव्हस्कीचा ऑपेरा, दिग्दर्शक रोमान तिखोमिरोव्ह. हेर्मानचा आवाज झुराब अंजापारिद्झेचा, देह स्त्रिझेनोव्हचा. आपल्याकडे पार्श्वगायनावर ओठ हलवणं सवयीचं आहे, पण इथे सबंध भूमिका, प्रत्येक वाक्य, गाण्यातलं. स्वर लांबतो तेव्हा गळ्याच्या शिरा, श्वास, डोळे सगळं त्या लांबीला पुरून उरावं लागतं. त्याने ते निभावलंय. जुगाराच्या वेडाने पछाडलेला हेर्मान शेवटी ज्या नजरेने पत्त्याकडे बघतो, ती नजर गाण्याच्या जाणकारालाही गाणं विसरायला लावते. गायकांनी केलेले हेर्मान मी पाहिलेत. आवाज त्यांचे थोर, पण वेड मला इथेच दिसलं.

तिसरी घंटा

छान धागा. पण एक प्रश्न विचारतेच. १९५५ ते १९६० या सहा वर्षांत इतकं सगळं, आणि नंतर? तो २००० पर्यंत पडद्यावर दिसत होता. म्हणजे पुढची चाळीस वर्षं या धाग्यावर कोणाला आठवतच नाहीयेत. मग ही लांब कारकीर्द म्हणायची की लांब शेपूट?

माझा मुद्दा बोल्कोन्स्कीचा. दिग्दर्शक बोंदारचुकला 'युद्ध आणि शांती'त प्रिन्स आंद्रेई बोल्कोन्स्कीसाठी स्त्रिझेनोव्हच हवा होता. १९६२ च्या वसंतात, चित्रीकरण तोंडावर आलेलं असताना याने नकार कळवला, कारण मॉस्को आर्ट थिएटरने त्याला घेतलं होतं. बोंदारचुकने सांस्कृतिक मंत्री येकातेरिना फुर्त्सेवाकडे गाऱ्हाणं नेलं. खुद्द मंत्र्यांनी समजावूनही हा बधला नाही. मग स्मोक्तुनोव्हस्कीला विचारलं, तो 'हॅम्लेट'मध्ये अडकला, आणि अखेर भूमिका व्याचेस्लाव तिखोनोव्हकडे गेली. त्या चित्रपटाला ऑस्कर मिळालं, जगभर तिखोनोव्हचा चेहरा पोचला.

मी स्वतः हौशी रंगभूमीवर काम करते, आणि माझ्या मते त्याने बरोबर केलं. स्तानिस्लाव्हस्कीने उभारलेल्या त्या थिएटरात उभं राहायला मिळत असेल तर नटाने आणखी काय मागावं? पण चित्रपटरसिक म्हणून जीव तळमळतो, कारण ऑस्टरलिट्झच्या रणांगणावर आडवा पडून आकाशाकडे बघणारा बोल्कोन्स्की म्हणजे त्याचीच भूमिका होती.

रिळवाला

तिसरी घंटा, बोल्कोन्स्कीबद्दल सहमत. शेपटाबद्दल नाही.

साठच्या दशकात सोव्हिएत पडद्यावरचा नायकच बदलला. अलेक्सेई बतालोव्हचा अणुशास्त्रज्ञ आला, शुक्शिनची गावाकडची माणसं आली. साधा कोट, दाढी वाढलेली, बोलणं तुटक. केप पांघरलेल्या, तलवार लावलेल्या देखण्या नटाला त्या जगात जागा शोधावी लागली. अनेक जण अशा वेळी मिळेल ते करतात आणि आपल्याच जुन्या भूमिकांची नक्कल करत राहतात. स्त्रिझेनोव्ह नाही म्हणत राहिला. त्यामुळे चित्रपट कमी, पण जे केलं त्यात तो नव्याने दिसतो.

१९६९ चा 'नेपोद्सुदेन' बघा. विमानाचा वैमानिक, भूतकाळात एका सहकाऱ्याच्या खोटेपणामुळे आयुष्य उधळलं गेलेला. समोर लिओनिद कुराव्ल्योव्ह. काय तो संयम! गणवेशातला, चाळिशीचा, शांत माणूस. 'ओव्होद'मधल्या पेटलेल्या तरुणाचा मागमूस नाही. मग १९७२ चा 'झेम्ल्या, दो वोस्त्रेबोवानिया', त्यात तो लेव्ह मानेविच, इटलीत खोट्या नावाने राहणारा आणि पकडला गेलेला खराखुरा सोव्हिएत हेर. तुरुंगातही आपलं खरं नाव उघड करायचं नाही, ही त्याची कोंडी. पुन्हा तोच, जिथे आहे तिथला नसलेला.

व्होल्गाकाठ

नोकरीनिमित्त काही वर्षं रशियात होते, म्हणून लिहिते. तिथल्या माझ्या पिढीला तो 'ओव्होद'पेक्षा 'झ्वेझ्दा प्लेनितेल्नोवो श्चास्त्या'मुळे माहीत आहे. १९७५, दिग्दर्शक व्लादिमिर मोतिल. १८२५ च्या डिसेंबरातलं बंड फसलं, उमराव घराण्यांतले अधिकारी सैबेरियात सक्तमजुरीला गेले आणि त्यांच्या बायका सगळी सुखं, काहींनी तर पोटची मुलंही मागे ठेवून त्यांच्यामागे निघाल्या, त्यांची ही गोष्ट. स्त्रिझेनोव्ह त्यात प्रिन्स सेर्गेई वोल्कोन्स्की. खरं तर चित्रपट बायकांचा आहे. पन्नाशीकडे झुकलेला एके काळचा मुख्य नायक इथे एक पाऊल मागे उभा राहतो आणि आपल्यापेक्षा खूप लहान असलेल्या बायकोसमोर ओशाळलेला पुरुष दाखवतो. मला त्याचं हे काम सगळ्यांत आवडतं, 'एक्केचाळिसावा'पेक्षाही.

इझोल्दा इझवित्स्कायाबद्दल मात्र कोणी तरी लिहायला हवं, म्हणून मीच लिहिते. मर्यूत्का तिने केली, तेव्हा ती २४ वर्षांची होती. कानला गेली, टाळ्या घेतल्या, आणि नंतर तिच्या तोलाची भूमिका तिला मिळालीच नाही. १९७१ मध्ये अवघ्या ३८ व्या वर्षी गेली. एकाच चित्रपटातून दोघं जगासमोर आले, त्याला पुढे ६९ वर्षांचं आयुष्य मिळालं, तिला १५ वर्षांचं. तो नाही म्हणू शकला, कारण त्याच्याकडे भूमिका येत होत्या. तिच्याकडे नाही म्हणायलाही काही आलं नाही. रिळवाला, नकाराचं कौतुक करताना हे लक्षात असू द्या.

तिसरी घंटा

व्होल्गाकाठ, तुमचा प्रतिसाद वाचून थांबले. नटीच्या वाट्याला दुसरी संधी येत नाही, हे आपल्याकडेही काही वेगळं नाही. इझवित्स्कायाची इतर कामं कुठे पाहता येतील?

व्होल्गाकाठ

ताई, फार थोडी आहेत आणि बहुतेक दुय्यम. मर्यूत्काच पुन्हा बघा, या वेळी फक्त तिच्याकडे लक्ष ठेवून. बेटावर त्याला विडी वळायला कागद नसतो, तेव्हा ती आपल्या कवितांची पानं त्याला देते. ती पोर लिहायला धडपडत असते, छापायला कोणी घेत नाही, आणि तीच पानं ती काढून देते. तो प्रसंग तिचा आहे.

नवखी

सगळं वाचून काढलं. मी यातलं काहीच पाहिलेलं नाही. सुरुवात कशाने करू? 'परदेसी'ने केली तर चालेल का?

रिळवाला

नवखी, 'परदेसी'ने नको. 'एक्केचाळिसावा'ने करा. दीड तासाचा आहे, मॉसफिल्मने स्वतःच्या यूट्यूब वाहिनीवर बरेच जुने चित्रपट उपशीर्षकांसह ठेवलेत, तिथे शोधा. मोठ्या पडद्यावर लावा, मोबाइलवर उरुसेव्हस्कीची वाळू वाया जाईल. त्यानंतर 'इस्पिकची राणी', आणि तेव्हा षड्ज यांचा प्रतिसाद जवळ ठेवा. 'परदेसी' तिसरा. तोवर तुम्ही त्याला ओळखायला लागलेल्या असाल आणि भाषणबाजीच्या आडून तो काय करतोय ते दिसेल. शक्य असेल तर रशियन आवृत्ती बघा, रंगांसाठी.

शिवनेरीच्या पायथ्याशी

आणि 'परदेसी'च्या आधी निकितिनची टिपणं वाचा. फार मोठी नाहीत, एका बैठकीत होतील. इंग्रजी भाषांतर उपलब्ध आहे. अष्टागरकर, चौल ते जुन्नर त्याच्या वाटेने, पालीमार्गे, एकदा चालत जायचं का? पावसाळा संपला की. इथले कोणी येणार असतील तर कळवा, जुन्नरला राहायची सोय माझ्याकडे.

अष्टागरकर

मी तयार आहे. निघायचं रेवदंड्याच्या स्मारकापासून. उमरी नेमकी कुठली यावर मात्र आधी बसून बोलावं लागेल, नकाशे घेऊन या. त्यासाठी वेगळा धागा काढतो.